आरती प्रभू

चिंतामण त्र्यंबक खानोलकर (जन्म : ८ मार्च १९३०, मृत्यू : २६ एप्रिल १९७६, मुंबई) हे मराठी कवी, नाटककार, कादंबरीकार आणि कथाकार होते. त्यांनी कविता 'आरती प्रभू' या टोपणनावाने लिहिली, तर कादंबरी, कथा व नाटक हे लेखन चिं. त्र्यं. खानोलकर या नावाने केले. जोगवा, दिवेलागण आणि नक्षत्रांचे देणे हे त्यांचे कवितासंग्रह, कोंडुरा व चानी या कादंबऱ्या आणि एक शून्य बाजीराव हे नाटक विशेष प्रसिद्ध आहे. नक्षत्रांचे देणे या संग्रहाला १९७८ साली मरणोत्तर साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. दक्षिण कोकणातील, म्हणजे आजच्या सिंधुदुर्ग जिल्ह्यातील, निसर्ग, लोकश्रद्धा आणि माणसे हा त्यांच्या सर्व लेखनाचा आधार आहे.

जीवन

खानोलकरांचा जन्म वेंगुर्ल्याच्या परिसरातील बागलांची राई या गावी झाला. त्या काळी सिंधुदुर्ग हा स्वतंत्र जिल्हा नव्हता. वेंगुर्ले, मालवण, देवगड हा किनारपट्टीचा भाग रत्नागिरी जिल्ह्यात होता आणि कुडाळ, सावंतवाडी हा भाग सावंतवाडी संस्थानात मोडत होता. रत्नागिरीचे विभाजन होऊन सिंधुदुर्ग जिल्हा अस्तित्वात आला तो १ मे १९८१ रोजी, म्हणजे खानोलकरांच्या निधनानंतर पाच वर्षांनी.

त्यांचे बालपण आणि तारुण्य आर्थिक ओढाताणीत गेले. शालेय शिक्षणानंतर त्यांना पुढे शिकता आले नाही. कुडाळ येथे कुटुंबाची खाणावळ होती आणि तिच्यावर घराचा चरितार्थ चालत असे. जेवणाऱ्यांचा हिशेब, उधारी आणि रोजची चिंता यांतून वेळ काढून त्यांनी वाचन आणि लेखन केले. साहित्यिक वर्तुळे मुंबई-पुण्यात होती आणि कुडाळपासून ती दूर होती. कोकण रेल्वे तेव्हा नव्हती. मुंबईला जायचे तर वेंगुर्ले किंवा मालवण बंदरातून आगबोट धरावी लागे, किंवा कणकवली, तळेरे, राजापूर अशा मार्गाने घाटवळणांचा लांबचा प्रवास करावा लागे. अशा परिस्थितीत टपालाने पाठविलेले हस्तलिखित हाच या लेखकाचा बाहेरच्या जगाशी मुख्य दुवा होता.

१९५४ साली सत्यकथा मासिकात 'आरती प्रभू' या नावाने त्यांची कविता प्रसिद्ध झाली आणि मराठी काव्यजगताचे लक्ष त्यांच्याकडे वेधले गेले. श्री. पु. भागवत व राम पटवर्धन यांच्या संपादनाखालील सत्यकथा हे त्या काळात नव्या मराठी साहित्याचे प्रमुख व्यासपीठ होते. १९५९ साली पहिला कवितासंग्रह जोगवा प्रसिद्ध झाला. त्याच सुमारास खानोलकर उपजीविकेसाठी मुंबईस आले आणि आकाशवाणीच्या मुंबई केंद्रावर नोकरीस लागले. ही नोकरी फार काळ टिकली नाही. त्यानंतरचे त्यांचे आयुष्य मुख्यतः लेखनावर गेले आणि अर्थप्राप्तीची अनिश्चितता शेवटपर्यंत कायम राहिली. २६ एप्रिल १९७६ रोजी वयाच्या ४६व्या वर्षी मुंबईत त्यांचे निधन झाले.

पहिल्या कवितेच्या प्रसिद्धीपासून मृत्यूपर्यंत त्यांना जेमतेम बावीस वर्षे मिळाली. या अवधीत तीन कवितासंग्रह, अनेक कादंबऱ्या, कथासंग्रह आणि नाटके त्यांनी लिहिली.

दोन नावे, दोन ओळखी

कवितेसाठी टोपणनाव आणि गद्यासाठी मूळ नाव ही पद्धत मराठीत खानोलकरांपूर्वीही होती. राम गणेश गडकरी यांनी नाटके स्वतःच्या नावाने व कविता 'गोविंदाग्रज' या नावाने लिहिली; वि. वा. शिरवाडकर यांनी कवितेसाठी 'कुसुमाग्रज' हे नाव घेतले. या तिघांतही एक साम्य आहे. तिघेही कवी असून नाटककार होते आणि तिघांच्याही नाटकांत कवीचे अस्तित्व जाणवते. अलीकडच्या काळात अभिनेते किशोर कदम यांनी 'सौमित्र' या नावाने कविता लिहून रंगमंच आणि कविता यांचा असाच संबंध जपला आहे.

खानोलकरांच्या बाबतीत मात्र एक वेगळेपण आहे. गोविंदाग्रज आणि कुसुमाग्रज ही नावे ऐकताच ती टोपणनावे असल्याचे उघड होते. 'आरती प्रभू' हे नाव एखाद्या व्यक्तीच्या खऱ्या नावासारखे, तेही स्त्रीच्या नावासारखे वाटते. त्यामुळे नवख्या वाचकाला आरती प्रभू आणि चिं. त्र्यं. खानोलकर हे दोन निरनिराळे लेखक वाटू शकतात. गीतांमुळे पहिले नाव घरोघरी पोहोचले, तर कादंबऱ्या व नाटके यांमुळे दुसरे नाव अभ्यासकांत रुजले. लेखकाचे समग्र आकलन व्हायचे तर ही दोन्ही नावे एकत्र वाचावी लागतात, कारण कवितेतील प्रतिमा आणि कादंबरीतील घटना एकाच अनुभवविश्वातून आल्या आहेत.

कविता

आरती प्रभूंनी लिहायला सुरुवात केली तेव्हा मराठी नवकवितेवर बा. सी. मर्ढेकर (१९०९–१९५६) यांचा प्रभाव होता. मर्ढेकरांच्या कवितेत महानगर, यंत्र आणि यंत्रयुगातील माणसाचे तुटलेपण ठळकपणे येते. आरती प्रभूंच्या कवितेतही एकाकीपण आणि भय आहे, पण ते यंत्रातून आलेले नाही. ते तिन्हीसांजेच्या अंगणातून, झाडांच्या दाट सावलीतून, पावसातून आणि देवळातल्या अंधारातून येते. त्यांनी आधुनिक संवेदनेला गावाची भाषा दिली. गावाकडची कविता म्हणजे निसर्गाचे सुखद वर्णन, ही समजूत त्यांच्या कवितेने मोडली.

तिन्ही संग्रहांची नावे त्यांच्या काव्यदृष्टीचा क्रम सूचित करतात. 'जोगवा' म्हणजे देवीच्या नावाने मागितलेली भिक्षा. येथे कवी मागणारा आहे. शब्द हे त्याने मिळविलेले नसून त्याच्या झोळीत पडलेले दान आहे, अशी ही भूमिका. 'दिवेलागण' म्हणजे संध्याकाळी दिवे लावण्याची वेळ. कोकणातील घरात ही वेळ एकाच वेळी मांगल्याची आणि अनामिक धास्तीची असते. उजेड आणि अंधार यांच्या सीमेवरचा हा क्षण त्यांच्या कवितेत पुन्हा पुन्हा येतो. 'नक्षत्रांचे देणे' यातील 'देणे' या शब्दाला मराठीत दोन अर्थ आहेत : दिलेली वस्तू, म्हणजे दान, आणि फेडायची बाकी, म्हणजे ऋण. या दुहेरी अर्थामुळे शीर्षकात कृतज्ञता आहे आणि काही द्यायचे राहून गेल्याची खंतही आहे. १९७५ साली हा संग्रह प्रसिद्ध झाला आणि पुढच्याच वर्षी कवीचे निधन झाले, त्यामुळे वाचकांच्या मनात या शीर्षकाला एक अधिकचा अर्थ चिकटला.

रचनेच्या दृष्टीने ही कविता लयीशी घट्ट बांधलेली आहे. ओवी, अभंग आणि लोकगीत यांचे वळण तिच्यात ऐकू येते. शब्द बहुधा साधे व ओळखीचे असतात. अवघड असते ती त्यांची जुळणी. दोन दूरच्या प्रतिमा शेजारी ठेवून त्यांच्यामधील दुवा कवी सांगत नाही. त्यामुळे कविता ऐकताना सहज वाटते, पण अर्थ लावू गेल्यास निसटते. या गुणामुळे काही समीक्षकांनी त्यांच्या कवितेस दुर्बोध म्हटले. तथापि दुर्बोधतेचा हा आरोप असतानाच त्यांच्या कविता गीतरूपाने सर्वसामान्य श्रोत्यांपर्यंत पोहोचल्या, ही बाब लक्षात घेण्याजोगी आहे.

२००९ सालचा जोगवा हा मराठी चित्रपट आणि आरती प्रभूंचा जोगवा हा संग्रह यांचा परस्परांशी संबंध नाही. तो चित्रपट राजन गवस यांच्या कादंबऱ्यांवर आधारित आहे.

कादंबऱ्या आणि कथा

खानोलकरांच्या कादंबऱ्यांत दक्षिण कोकणातील लहान गावे, त्यांतील जमीनदार, पुजारी, भाविक आणि बहिष्कृत माणसे येतात. देव, देवचार, शकुन, कौल, शाप यांवरील विश्वास हा या माणसांच्या जगण्याचा भाग आहे. लेखक या श्रद्धांची थट्टा करत नाही आणि त्यांचा पुरस्कारही करत नाही. अदृश्य शक्ती खरोखर आहे की ती माणसाच्या मनातच आहे, हा प्रश्न तो बहुधा अनुत्तरित ठेवतो. या अनिश्चिततेमुळे त्यांच्या कादंबऱ्या भूतकथा ठरत नाहीत आणि अंधश्रद्धेविरुद्धच्या प्रचारकथाही ठरत नाहीत.

रात्र काळी घागर काळी (१९६२) या कादंबरीत स्त्रीचे असामान्य सौंदर्य हेच तिच्या दुर्दैवाचे कारण ठरते. कोंडुरा (१९६६) या कादंबरीत दैवी वरदान लाभल्याची श्रद्धा बाळगणारा माणूस, त्या श्रद्धेतून आलेली सत्ता आणि तिचे विपरीत परिणाम यांचे चित्रण आहे. कोंडुरा या नावाचे समुद्रकाठचे ठिकाण वेंगुर्ल्याच्या परिसरात आहे. गणुराय आणि चानी (१९७०) या पुस्तकात दोन लघुकादंबऱ्या एकत्र आहेत. त्यांपैकी 'चानी'ची नायिका ही गावातील स्त्री आणि गोरा परदेशी पुरुष यांची मुलगी आहे. तिचा वेगळा रंग आणि रूप हाच गावाच्या लेखी तिचा गुन्हा ठरतो. गावाने टाकलेल्या या मुलीकडे एक लहान मुलगा कुतूहलाने आणि मायेने पाहतो. मुलाच्या निरागस नजरेतून मोठ्यांच्या जगाचे क्रौर्य दाखविण्याची ही रीत कादंबरीला परिणामकारक बनविते.

अजगर (१९६५) आणि त्रिशंकू (१९६८) या त्यांच्या इतर उल्लेखनीय कादंबऱ्या होत. सनई (१९६४), राखी पाखरू (१९७१) आणि चाफा आणि देवाची आई (१९७५) हे कथासंग्रहही प्रसिद्ध आहेत.

नाटके आणि दशावताराचा वारसा

सिंधुदुर्ग आणि उत्तर गोवा या भागांत दशावतार ही लोकनाट्याची जुनी परंपरा आहे. दिवाळीनंतर गावोगावी देवळांच्या जत्रा सुरू होतात आणि जत्रेच्या रात्री दशावतारी मंडळी खेळ करतात. प्रथम सूत्रधार व गणपती यांचा प्रवेश होतो, संकासुराचे विनोदी संवाद होतात आणि मग पुराणातील एखादे आख्यान पहाटेपर्यंत रंगते. आख्यानाची लिखित संहिता नसते. कथासूत्र ठरलेले असते. संवाद नट आयत्या वेळी रचतो. स्त्रियांच्या भूमिकाही परंपरेने पुरुषच करतात. हार्मोनियम, मृदंग आणि झांज यांच्या साथीने गायन होते. येथे नट हा संवादांचा कर्ताही असतो. कवी आणि नट यांच्यातील सीमारेषा या परंपरेत पुसट आहे.

अशा प्रदेशातून आलेल्या खानोलकरांनी शहरी प्रायोगिक रंगभूमीसाठी नाटके लिहिली. १९६० साली मुंबईत स्थापन झालेल्या 'रंगायन' या संस्थेने नव्या नाटककारांना आणि नटांना प्रयोगाची संधी दिली होती. एक शून्य बाजीराव (१९६६) हे नाटक विजया मेहता यांच्या दिग्दर्शनाखाली 'रंगायन'ने सादर केले. नाटकाचा नायक बाजीराव हा विदूषकी वृत्तीचा, फसविला गेलेला आणि स्वतःचे आयुष्य खेळासारखे मांडणारा माणूस आहे. त्याच्या तोंडी येणारी भाषा गद्य आणि पद्य यांच्या मधली आहे. ती कधी थट्टेकडे तर कधी आक्रोशाकडे झुकते. जुन्या मराठी खेळांतील सूत्रधार आणि विदूषक यांची आठवण करून देणारे हे पात्र आधुनिक माणसाची पोकळी व्यक्त करते. शीर्षकातील 'शून्य' हा शब्द त्या अर्थाने महत्त्वाचा आहे.

यानंतर सगेसोयरे (१९६७), अवध्य (१९७२) आणि कालाय तस्मै नमः (१९७२) ही नाटके आली. माणसाची वासना, नियती आणि काळ यांपुढील त्याची असहायता हे विषय या नाटकांतही दिसतात.

खानोलकरांनी अन्य भाषांतील नाटकेही मराठीत आणली. गिरीश कर्नाड यांच्या हयवदन या कन्नड नाटकाचा त्यांनी मराठी अनुवाद केला. अजब न्याय वर्तुळाचा (१९७४) हे जर्मन नाटककार बेर्टोल्ट ब्रेख्त यांच्या 'कॉकेशियन चॉक सर्कल' या नाटकाचे मराठी रूपांतर आहे. ब्रेख्तच्या नाटकाचे मूळ एका प्राचीन चिनी नाटकात आहे. एका मुलावर दोन स्त्रिया हक्क सांगतात आणि न्यायाधीश खडूच्या वर्तुळात मुलाला उभे करून निवाडा करतो, असे त्याचे मध्यवर्ती सूत्र आहे. मूल जन्म देणाऱ्याचे की सांभाळणाऱ्याचे, हा त्यातील प्रश्न आहे. विजया मेहता यांनी जर्मन दिग्दर्शक फ्रित्झ बेनेवित्झ यांच्या सहकार्याने या रूपांतराचा प्रयोग बसविला व तो तत्कालीन पूर्व जर्मनीतही सादर झाला. ब्रेख्तच्या रंगभूमीत गाणे, निवेदन आणि प्रेक्षकांशी थेट बोलणे यांना स्थान आहे. मराठी लोकनाट्यातही हे घटक पूर्वापार आहेत. त्यामुळे हे रूपांतर परके वाटत नाही, आणि कवी असलेल्या रूपांतरकाराला त्यातील गीतांना मराठी लय देता आली.

गीते आणि चित्रपट

आरती प्रभूंच्या अनेक कवितांना संगीतकारांनी चाली लावल्या. हृदयनाथ मंगेशकर यांनी संगीतबद्ध केलेले व आशा भोसले यांनी गायिलेले 'ये रे घना' हे त्यांपैकी सर्वाधिक परिचित गीत होय. या कविता मुळात गीत म्हणून लिहिलेल्या नव्हत्या, तरी त्यांच्यातील अंगभूत लय संगीताला अनुकूल ठरली. जब्बार पटेल दिग्दर्शित सामना (१९७५) या चित्रपटातही त्यांचे एक गीत असून त्याचे संगीत भास्कर चंदावरकर यांचे आहे.

खानोलकरांच्या दोन कादंबऱ्यांवर त्यांच्या निधनानंतर लवकरच चित्रपट निघाले. व्ही. शांताराम यांनी चानी (१९७७) हा मराठी चित्रपट दिग्दर्शित केला; त्यात रंजना यांनी शीर्षकभूमिका केली. श्याम बेनेगल यांनी कोंडुरा (१९७८) हा चित्रपट हिंदीत आणि 'अनुग्रहम्' या नावाने तेलुगू भाषेत केला. त्यात अनंत नाग, वाणिश्री आणि स्मिता पाटील यांच्या भूमिका होत्या. कोकणातील एका किनाऱ्याशी जोडलेली कथा याप्रमाणे दुसऱ्या भाषेत आणि दुसऱ्या भूगोलात गेली. कथेचा गाभा स्थानिक दंतकथेत असला तरी श्रद्धा आणि सत्ता यांचा तिच्यातील संघर्ष सर्वत्र ओळखीचा आहे, हे यावरून दिसते.

'नक्षत्रांचे देणे' हे शीर्षक पुढे मराठी दूरचित्रवाणीवरील एका गाजलेल्या सांगीतिक कार्यक्रमालाही दिले गेले. मूळ संग्रह न वाचलेल्या अनेकांना हे शब्द त्या कार्यक्रमामुळे परिचित आहेत.

स्थान आणि मूल्यमापन

आजच्या सिंधुदुर्ग जिल्ह्याने विसाव्या शतकात मराठीला अनेक महत्त्वाचे लेखक दिले. विंदा करंदीकर यांचा जन्म देवगड तालुक्यातील धालवली येथे, तर मंगेश पाडगावकर यांचा जन्म वेंगुर्ले येथे झाला. जयवंत दळवी यांचे आरवली हे गावही याच किनाऱ्यावर आहे. करंदीकरांच्या कवितेत विचार आणि प्रयोग, पाडगावकरांच्या कवितेत प्रसन्नता आणि उपहास, तर दळवींच्या गद्यात विनोद व मानवी विक्षिप्तपणा यांना महत्त्व आहे. खानोलकरांनी त्याच भूमीचा गूढ, अंधारा आणि भयकारी भाग लेखनाचा विषय केला. एकाच परिसरातून आलेल्या या लेखकांची तुलना विद्यार्थ्यांना उपयुक्त ठरते, कारण प्रदेश समान असूनही लेखकाची दृष्टी साहित्य कसे घडविते, हे तीतून स्पष्ट होते.

त्यांच्या लेखनाच्या मर्यादांचीही चर्चा झाली आहे. नियतीपुढे माणूस सतत हरतो, या सूत्राची पुनरावृत्ती काही कादंबऱ्यांत होते. विपुल आणि वेगाने केलेल्या गद्यलेखनात सर्व कृती सारख्या दर्जाच्या नाहीत. सामाजिक विषमता त्यांच्या कथांत उपस्थित असते, पण तिचे विश्लेषण करण्यापेक्षा तिच्यात सापडलेल्या माणसाचे दुःख पाहण्याकडे लेखकाचा कल असतो. उलटपक्षी, दुःखाला कारणमीमांसेत न बांधता त्याच्या मूळ रूपात पकडण्याचे सामर्थ्य हेच त्यांचे वैशिष्ट्य आहे, असेही म्हणता येते.

त्यांची कीर्ती आज मुख्यतः थोड्या गीतांवर उभी आहे. गीतांनी कवीला वाचकवर्गाच्या पलीकडे नेले, परंतु त्यामुळे गीत न झालेली बरीच कविता आणि विशेषतः नाटके मागे पडली. एक शून्य बाजीराव हे नाटक वाचणारा विद्यार्थी आणि 'ये रे घना' गुणगुणणारा श्रोता एकाच लेखकाला भेटत असतात. गीतातील हळुवार भीती आणि नाटकातील विदूषकाचे हसू यांचा उगम एकच आहे, हे ध्यानात आले की दोन नावांमागचा हा एक लेखक अधिक स्पष्ट दिसू लागतो.

निवडक ग्रंथसंपदा

कवितासंग्रह : जोगवा (१९५९), दिवेलागण (१९६२), नक्षत्रांचे देणे (१९७५).

कादंबऱ्या : रात्र काळी घागर काळी (१९६२), अजगर (१९६५), कोंडुरा (१९६६), त्रिशंकू (१९६८), गणुराय आणि चानी (१९७०).

कथासंग्रह : सनई (१९६४), राखी पाखरू (१९७१), चाफा आणि देवाची आई (१९७५).

नाटके : एक शून्य बाजीराव (१९६६), सगेसोयरे (१९६७), अवध्य (१९७२), कालाय तस्मै नमः (१९७२), अजब न्याय वर्तुळाचा (रूपांतर, १९७४), हयवदन (अनुवाद).